नाच्या, यमुना आणि दगडू



डोंबिवलीतल्या संमेलनात डोंबिवलीच्याच दिग्दर्शकाविषयी, रवी जाधवांविषयी बोलणं मला अगत्याचं वाटतं. त्यांना आपण अष्टपैलू म्हणतो आणि पुरावा म्हणून तमाशापट, चरित्रपट, प्रेमकथा, वेबमालिका अशी यादी वाचून दाखवतो. हे मोजमाप मला अपुरं वाटतं. विषय बदलणं फारसं अवघड नाही; जाधवांचं मोठेपण आहे ते एकच प्रश्न न सोडण्यात. कुणाच्या देहाची लाज बाळगायची, हे कोण ठरवतं?

आनंद यादवांच्या कादंबरीवरच्या ‘नटरंग’मध्ये (२०१०) पिळदार शरीराचा गुणा तमाशाच्या फडासाठी नाच्या, म्हणजे बायकी हावभाव करणारा नट होतो आणि घरादाराच्या नजरेतून उतरतो. पुढच्याच वर्षीच्या ‘बालगंधर्व’मध्येही पुरुषच स्त्रीवेशात उभा आहे, पण त्याला महाराष्ट्र डोक्यावर घेतो. अभिनय तोच, एक फडावर, एक नाट्यगृहात. हे दोन चित्रपट शेजारी ठेवून पाहा. प्रतिष्ठा कलेची होती की प्रेक्षागृहाची, हा बोचरा सवाल त्यांतून उभा राहतो. ‘न्यूड’मधली यमुना मुलाच्या शिक्षणासाठी चित्रकारांपुढे विवस्त्र बसते. परीक्षकांनी निवडलेला हा चित्रपट २०१७च्या गोव्यातल्या इफ्फी चित्रपट महोत्सवातून केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्रालयाने वगळला आणि परीक्षक मंडळाचे अध्यक्ष सुजॉय घोष यांनी राजीनामा दिला. इतरांनी लादलेली जी लाज यमुनेला पडद्यावर सोसावी लागली, तीच चित्रपटाच्या वाट्याला आली. २०२३च्या ‘ताली’ या वेबमालिकेतली तृतीयपंथी कार्यकर्त्या गौरी सावंत यांची कहाणीही याच वाटेवरची.

कुणी विचारेल, मग ‘टाईमपास’चं काय? तो गल्ल्यासाठीच होता ना? त्यातल्या दगडूच्या प्रेमकथेला मी ओढूनताणून या सूत्रात बसवणार नाही. वाजपेयींवरच्या ‘मैं अटल हूं’लाही नाही. पण गल्ला मिळाल्यावर दिग्दर्शक काय करतो, ते महत्त्वाचं. ‘टाईमपास’ २०१४च्या जानेवारीत आला, आणि त्याच वर्षाच्या राष्ट्रीय पुरस्कारांत जाधवांच्या ‘मित्रा’ला सर्वोत्कृष्ट लघुकथापटाचा मान मिळाला. विजय तेंडुलकरांच्या कथेवरचा, एका स्त्रीच्या दुसऱ्या स्त्रीवरल्या प्रेमाचा तो लघुपट. त्यात गल्ल्याचा हिशेब कुठे दिसतो? आणि तिकीट खिडकीवर चाललेल्या ‘बालक-पालक’मध्येसुद्धा चाळीतली मुलं देहाविषयीच विचारत राहतात, घरात कुणी उत्तर देत नाही म्हणून चोरून व्हिडिओ कॅसेट आणतात.