शेजारच्या चित्राची साक्ष



१९६४ साली कॅनडाच्या सीबीसी या प्रसारण संस्थेने आल्फ्रेड हिचकॉक यांची दीर्घ मुलाखत दाखविली. मालिकेचे नाव 'टेलिस्कोप', मुलाखतकार फ्लेचर मार्कल. भयपटांचा हा इंग्रज दिग्दर्शक तेव्हा पासष्टीच्या घरात होता, 'सायको' प्रदर्शित होऊन चार वर्षे झाली होती. चित्रपटांविषयी ओढ नसणाऱ्यांनीही त्या मुलाखतीतील एक भाग अवश्य पाहावा.

त्यात हिचकॉक स्वतःच्याच चेहऱ्यावर प्रयोग करतात. प्रथम कुठेतरी रोखून पाहणारा त्यांचा चेहरा दिसतो. मग बाळाला घेतलेली स्त्री. मग पुन्हा हिचकॉक, ओठांवर स्मित. किती वत्सल गृहस्थ, असे प्रेक्षकाला वाटते. आता मधले चित्र तेवढे बदलते. मातेच्या जागी तोकड्या वस्त्रांतील तरुणी येते. चेहरा तोच, स्मितही तेच, पण वत्सल गृहस्थाचा क्षणार्धात लंपट म्हातारा होतो!

ही कल्पना मुळात त्यांची नव्हे. १९२०च्या आसपास रशियात लेव्ह कुलेशोव यांनी एका नटाचा एकच निर्विकार चेहरा सूपच्या वाडग्याला आणि शवपेटिकेला जोडून दाखविला. प्रेक्षकांनी त्याच्या विचारमग्नतेच्या आणि शोकाच्या अभिनयाची वाखाणणी केली, असे त्यांचे सहकारी पुदोव्हकिन यांनी नोंदविले आहे.

चित्रपटात याला फसवणूक म्हणता येणार नाही. तिकीट काढणारा माणूस कल्पित कथा पाहायलाच आलेला असतो. बातमीचे तसे नाही. एकाच कॅमेऱ्याने घेतलेल्या मुलाखतीत मान डोलावणाऱ्या वार्ताहराचे दृश्य पुष्कळदा मुलाखत संपल्यावर चित्रित होते आणि हवे तेथे जोडले जाते. सभेतील जांभई देणारा श्रोता नेमक्या कोणत्या वाक्याला जांभई देत होता, हे संकलकालाच ठाऊक. हिचकॉक यांनी निदान दोन्ही जोडण्या एकापाठोपाठ दाखविल्या. घरी येणाऱ्या बातमीत एकच असते. आणि आपल्या मताला अनुकूल असलेली चित्रफीत पुढे पाठविताना ही शंका कोणाच्या मनात येते? विरोधकांच्या चित्रफितीबाबत मात्र ती तत्काळ येते.

घरातील मोठ्या मुलांसह हा भाग पाहावा. त्याच रात्री एखाद्या मोर्चाची बातमी आवाज बंद करून पाहावी, आणि कोणता चेहरा कोणत्या दृश्याला जोडला आहे, हे मुलांनाच विचारावे.