जपानी शिपायाचीं शस्त्रें

इ. स. १९४४ च्या मार्च महिन्यांत मणिपुरांतील सांगशाक या नागा लोकांच्या डोंगरी खेड्यापाशीं पांच दिवस मोठी निकराची लढाई झाली. पन्नासाव्या हिंदी पॅराशूट ब्रिगेडच्या जोडीस तेथें पांचव्या मराठा लाइट इन्फंट्रीची चौथी पलटण होती. काटेरी तार जवळ नव्हती, पाणी अपुरें होतें, आणि थोडी माती उकरली कीं खालीं खडक लागे. समोर जपानच्या एकतिसाव्या डिव्हिजनची अठ्ठावन्नावी रेजिमेंट होती. २६ मार्चच्या रात्रीं ब्रिगेडनें ती टेंकडी सोडली खरी; पण तोंपर्यंत जपान्यांचे मोलाचे दिवस तेथें खर्चीं पडले होते. देशावरचे आणि कोंकणांतले जे तरुण त्या उथळ खंदकांत बसले होते, त्यांस शत्रूचीं शस्त्रें डोळ्यांपेक्षां कानांनींच अधिक ओळखूं येऊं लागलीं. ठक् ठक् अशी संथ वाजणारी मशीनगन निराळी, झाडींतून येणारी बारीक फटकाऱ्याची रायफलची गोळी निराळी, आणि आवाज न करतां वरून उतरणारा लहानसा बाँबगोळा निराळा.

या शस्त्रांचीं नांवें प्रथम ऐकणाऱ्यास कोड्यासारखीं वाटतात. कोणी ‘अडतीस’, कोणी ‘ब्याण्णव’, तर कोणी ‘नव्याण्णव’. हे आंकडे म्हणजे शस्त्र मंजूर झाल्याचें वर्ष. प्रारंभीं हें वर्ष बादशहाच्या राजवटीवरून मोजीत. मेजी राजवटीचें ३८ वें वर्ष म्हणजे १९०५. पुढें जपानी साम्राज्याच्या पौराणिक स्थापनेपासूनची गणना आली. तिच्याप्रमाणें १९४० हें २६०० वें वर्ष. म्हणून १९३२ चें शस्त्र ‘ब्याण्णव’ आणि १९३९ चें ‘नव्याण्णव’. शालिवाहन शकाचा व इसवी सनाचा मेळ घालण्याची संवय असलेल्या मराठी माणसास हा हिशेब जड जाऊं नये.

जपानांत आधुनिक लष्करी बंदूक स्वदेशीं घडविण्याचा पहिला यशस्वी प्रयत्न मुराता त्सुनेयोशी या अधिकाऱ्यानें १८८० सालीं केला. ती बंदूक एकबारी होती. सतरा वर्षांनीं आरिसाका नारिआकिरा या सेनाधिकाऱ्याच्या देखरेखीखालीं पांच काडतुसांची नवी रायफल निघाली व तीच घेऊन जपानी पायदळ १९०४ सालीं रशियाशीं लढलें. मांचुरियाची धूळ बंदुकीच्या यंत्रांत शिरून ती अडूं लागली, तेव्हां तिच्यांत सुधारणा करणें भाग पडलें. नांबू किजिरो या कल्पक अधिकाऱ्यानें मागचा सरकता बोल्ट सोपा केला आणि त्यावर पत्र्याचें एक झांकण बसविलें, कीं बोल्टाबरोबर तें मागेंपुढें सरकावें व धूळ आंत जाऊं देऊं नये. हीच १९०५ ची ‘अडतीस’ आरिसाका. झांकणाची कल्पना चांगली होती. पण चालतांना तें खुळखुळ वाजे, आणि रात्रीच्या वेळीं दबा धरून बसणाऱ्या शिपायास हें परवडणारें नसल्यानें अनेकांनीं तें काढूनच टाकलें. कारखान्यांतल्या टेबलावरची युक्ति आणि रानांतली गरज यांत असें अंतर नेहमींच पडतें.

ही रायफल सवाचार फुटांच्या आसपास लांब आणि पावणेनऊ पौंड वजनाची होती. तिला सुमारें पंधरा इंची पात्याची संगीन लावली, म्हणजे एकंदर लांबी साडेपांच फुटांच्या घरांत जाई. आणि त्या काळचा जपानी शिपाई सरासरीनें सवापांच फूट उंचीचा. आपल्याहून उंच भाला घेऊन तो लढत होता, असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं. यांत योजना होती. जपानी सेनानींची खरी श्रद्धा संगिनीच्या हल्ल्यावर होती. रशियाशीं झालेल्या युद्धांत मिळालेल्या विजयांनीं ती अधिकच दृढ झाली. एवढी ती, कीं पुढें हलक्या मशीनगनीलाहि संगीन लावण्याची सोय त्यांनीं ठेवली. वीस पौंडांचें तें यंत्र घेऊन कोणी भोसकावयास धांवावें, हें आज वाचतांना हंसूं येतें. परंतु सोय होती हें खरें.

लांब नळीचा एक फायदा मात्र जपान्यांस अनपेक्षितपणें जंगलांत मिळाला. साडेसहा मिलिमीटरच्या काडतुसांतील थोडकी दारू एवढ्या लांब नळींत पुरतेपणीं जळून जाई आणि तोंडाशीं ज्वाला वा धूर फारसा दिसत नसे. झाडावर किंवा बांबूच्या बेटांत बसलेला बंदूकधारी कोठें आहे, हें त्यामुळें चटकन् उमगत नसे. हीच लहान गोळी पुढें अपुरी वाटूं लागली, म्हणून १९३९ सालीं साडेसात मिलिमीटरांहून किंचित् मोठ्या, म्हणजे ७.७ मिलिमीटर गोळीची ‘नव्याण्णव’ रायफल आली. तिच्या नळीला आंतून क्रोम धातूचा मुलामा दिलेला असे, जेणेंकरून दमट हवेंत ती गंजूं नये. ही दूरदृष्टि त्या वेळीं इतर देशांच्या पायदळी बंदुकींत विरळा होती. तिला तारेचा एकपायी टेकूहि होता आणि नेमपट्टीला दोन्हीं बाजूंस घडीचे हात होते. ते हात उडत्या विमानावर नेम धरण्यासाठीं! एकट्या शिपायानें रायफलीनें विमान पाडावें ही आशा किती वेळां फळली असेल, याचा विचार न केलेलाच बरा.

या बंदुकांविषयीं एक गैरसमज युद्धानंतर बरींच वर्षें पसरला होता, तो असा कीं, जपानी रायफल कच्ची असून हातांत फुटते. त्याचें मूळ निराळेंच आहे. शाळकरी मुलांच्या लष्करी कवायतीसाठीं ओतीव लोखंडाच्या, नुसता बार काढण्यापुरत्या बंदुका जपानांत पुष्कळ केलेल्या होत्या. बाहेरून त्या आरिसाकासारख्याच दिसत. आठवण म्हणून त्या घरीं नेणाऱ्या कित्येक परकीय शिपायांनीं त्यांत खरीं काडतुसें घातलीं आणि व्हावयाचें तें झालें. पुढें पी. ओ. अ‍ॅक्ले या अमेरिकन बंदूककारानें निरनिराळ्या देशांच्या लष्करी रायफली अधिकाधिक दारू भरून मुद्दाम फोडून पाहिल्या, तेव्हां खऱ्या आरिसाकाचें यंत्र सर्वांत चिवट ठरलें.

मशीनगनींची कथा इतकी उजळ नाहीं. १९२२ सालच्या ‘अकरा’ या हलक्या मशीनगनींत पेटीऐवजीं एक हौद होता. रायफलीच्या पांच-पांच काडतुसांच्या सहा पट्ट्या त्यांत जशाच्या तशा रचावयाच्या. कोणत्याहि शिपायाच्या कंबरपट्ट्यांतलीं काडतुसें मशीनगनीला चालावीं, हा हेतु स्तुत्य होता. पण काडतूस चिकटून बसूं नये म्हणून वरून तेल पाझरण्याची व्यवस्था केलेली. आणि तेलावर धूळ बसली कीं तिचा चिखल होतो, हें कोणा बैलगाडीवाल्यानेंहि सांगितलें असतें. १९३६ च्या ‘शहाण्णव’ मशीनगनींत हौद जाऊन वरच्या बाजूस तीस काडतुसांची वांकडी पेटी आली, तरी तेल पुरतें सुटलें नाहीं. पेटी भरण्याच्या साधनांतून काडतुसांस तें लागतच राहिलें. ‘नव्याण्णव’ मशीनगनींत एकदांचें तें गेलें.

जड मशीनगन मात्र नाणावलेली होती. १९३२ ची ‘ब्याण्णव’ ही फ्रेंच हॉचकिस पद्धतीवरून नांबूनें सिद्ध केलेली. ती मिनिटाला साडेचारशें गोळ्या सोडी, म्हणजे इतरांच्या मानानें सावकाश. त्या ठेक्यावरून अमेरिकन शिपायांनीं तिला सुतार पक्षी असें नांव दिलें. तिपाईसकट तिचें वजन एकशेंवीस पौंडांवर जाई. तिपाईच्या पायांत दांडे घालून चौघांनीं ती पालखीप्रमाणें उचलावयाची व तशीच डोंगर चढवावयाची. गोळ्या पट्ट्यांतून नव्हे, तर तीस तीस काडतुसांच्या धातूच्या फळ्यांतून भरविल्या जात. संथ असल्यामुळें ती स्थिर राही, आणि दूरच्या नेमांत तिचा हात धरणारें शस्त्र त्यांच्या पायदळांत दुसरें नव्हतें.

परंतु ज्या शस्त्राची दोस्त सैन्यानें खरी धास्ती घेतली, तें दिसण्यांत अगदींच क्षुल्लक होतें. दहा इंच लांबीची नळी, तिच्याखालीं एक दांडा, आणि दांड्याच्या टोंकास वांकडी लोखंडी पट्टी. सारें मिळून दहा पौंड. १९२९ चा हा ‘एकूणनव्वद’ गोळाफेक्या. नळी नेहमीं पंचेचाळीस अंशांत तिरपी धरावयाची. अंतर कमीजास्त करण्यासाठीं बाजूची मूठ फिरवून नळीच्या आंतला तळ वरखालीं करावयाचा, कीं दारूला मोकळी जागा जास्त मिळून गोळा जवळ पडावा, अथवा कमी मिळून दूर जावा. याहून साधी युक्ति सांपडणें कठीण. पावणेदोन पौंडांचा गोळा तो सुमारें सातशें यार्डांपर्यंत फेंकी, आणि प्रत्येक प्लॅटूनजवळ असे तीन असत. त्या वांकड्या पट्टीवरून दोस्तांकडे त्याला गुडघ्यावरची उखळी असें नांव पडलें, आणि त्या नांवावर विश्वासून ज्या बहाद्दरांनीं तो मांडीवर टेंकून उडवून पाहिला, त्यांनीं मांडीचें हाड मोडून घेतलें. ती पट्टी जमिनीवर वा आडव्या ओंडक्यावर टेंकावयाची होती.

पिस्तुलांविषयीं थोडेंच सांगण्यासारखें आहे. १९३४ च्या ‘चौऱ्याण्णव’ पिस्तुलाच्या डाव्या अंगास चापाची पट्टी उघडी असे आणि ती दाबली गेल्यास चाप न ओढतांहि गोळी सुटूं शके, एवढ्यावरून त्याची योग्यता कळते. अधिकाऱ्यांची भिस्त तरवारीवर होती.

या सर्वांमागें एक दुखणें होतें, तें दारूगोळ्याचें. जुनी ६.५ ची रायफल मागें सारण्यापूर्वींच मोठें युद्ध पेटलें, म्हणून दोन्हीं मापें शेवटपर्यंत चालत राहिलीं. त्यांतहि ७.७ चें काडतूस एकच नव्हतें: रायफलीचें बिनकडेचें, जड मशीनगनीचें थोड्या कडेचें, आणि आरमाराचें इंग्रजी पद्धतीचें. एका घरांत तीन कुलपें आणि किल्ल्या शेजाऱ्याकडे, अशी ही व्यवस्था. सपाट चीनमध्यें रेल्वेच्या आधारानें ती कशीबशी निभली. मुतागुची रेन्या यानें १९४४ च्या मार्चांत इंफाळवर जी मोहीम काढली, तींत तीन डिव्हिजनांचे मिळून सुमारें ८५ हजार लोक होते. जवळ तीन आठवड्यांची शिधासामुग्री, सोबत हांकून आणलेलीं गुरें, आणि शत्रूचीं कोठारें हातीं लागतील हा भरंवसा. कोठारें हातीं लागलीं नाहींत. कोहिमास अडकलेल्या एकतिसाव्या डिव्हिजनचा सेनापति सातो कोतोकु यानें अन्न आणि दारूगोळा येत नाहीं असें पाहून वरिष्ठांची आज्ञा मोडून सैन्य मागें घेतलें, आणि त्याबद्दल त्याचा अधिकार गेला. पावसाळ्यांत चिंद्विनकडे परतणाऱ्या वाटेवर उपासानें आणि हगवणीनें जे मेले, त्यांच्याजवळ रायफली होत्या. त्यांच्या नळ्यांना क्रोमचा मुलामाहि असेल.

त्यानंतरच्या रायफली पाहिल्या म्हणजे राष्ट्राचा श्वास कसा लागला होता तें दिसतें. पहिल्यानें टेकू गेला, मग विमानाचे हात गेले, मग झांकण. दस्त्याच्या टोंकाचा पोलादी पत्रा जाऊन लांकडाची चकती खिळ्यांनीं ठोकलेली आली. नेमपट्टी अंतराप्रमाणें वरखालीं होईना. एका जागीं कायमची बसली. क्रोमहि संपला. लांकडावर रंध्याच्या आणि लोखंडावर कानशीच्या खुणा तशाच. तरीहि बोल्टाची मूळ घडण त्यांनीं बिघडूं दिली नाहीं, हें कारागिरांना शोभणारें होय. १९४५ च्या उन्हाळ्यांत तर बायकामुलांस बांबूचे भाले देऊन शिकविणें चाललें होतें.

या रायफली करणाऱ्या कारखान्यांत कोकुरा येथील कारखाना मोठा. टोकियोचा जुना कोइशिकावा कारखाना १९२३ च्या भूकंपांत मोडल्यावर तें काम तिकडे हलविलेलें होतें. ९ ऑगस्ट १९४५ रोजीं दुसरा अणुबाँब घेऊन निघालेल्या अमेरिकन विमानाचें पहिलें लक्ष्य हाच कारखाना होता. वर धुराचें आणि ढगांचें आच्छादन असल्यामुळें तो वैमानिकांस दिसला नाहीं. तीन घिरट्या घालून विमान नागासाकीकडे वळलें.

प्रत्येक रायफलीच्या माथ्यावर सोळा पाकळ्यांचें शेवंतीचें फूल कोरलेलें असे. तें बादशहाचें चिन्ह. बंदूक त्याच्या मालकीची, शिपायाच्या हातीं केवळ विश्वासानें दिलेली. शरणागतीनंतर शस्त्रें खालीं ठेवण्यापूर्वीं हीं फुलें घांसून काढण्यांत आलीं, आणि हजारों रायफली फुलाच्या जागीं ओरखडे घेऊन शत्रूच्या स्वाधीन झाल्या. आज परदेशांतील संग्राहकांत जिचें फूल शाबूत आहे अशा बंदुकीस अधिक किंमत येते. कारण ती बहुधा शरणागतीच्या ढिगांतून आलेली नसून रणांगणावर पडलेली उचललेली असते.