भिंतीतील तार आणि रायपूरचा उन्हाळा



१ नोव्हेंबर २००० रोजी अस्तित्वात आलेल्या छत्तीसगढ राज्याची ओळख कोरब्याच्या औष्णिक केंद्रांमुळे वीजनिर्मितीशी जोडली गेली आहे. मात्र निर्माण झालेली वीज घरात सुरक्षितपणे वापरली जाते की नाही, हे अखेर भिंतीतील तारेवर ठरते. राजधानी रायपूरमध्ये, विदर्भाप्रमाणेच, मे महिन्यात पारा चाळिशी ओलांडतो. त्याच दिवसांत कूलर व वातानुकूलन यंत्रे अखंड चालतात. म्हणजे तारेवरील भार वाढतो, नेमकी तेव्हाच तिची वहनक्षमता घटलेली असते.

याचे मूळ ज्यूलच्या नियमात आहे. तारेतील उष्णता विद्युतधारेच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. धारा दुप्पट झाली की उष्णता चौपट होते. तारेचा आडवा छेद वाढविल्यास रोध घटतो व उष्णताही कमी होते. पीव्हीसी आवरण असलेल्या तारेतील वाहकाचे तापमान सततच्या वापरात ७० अंश सेल्सिअसच्या वर जाऊ देता येत नाही. भोवतालची हवाच तापलेली असेल, तर ही मर्यादा लवकर गाठली जाते.

एक उदाहरण पाहू. १८०० वॅटचे वातानुकूलन यंत्र, १००० वॅटची इस्त्री आणि २०० वॅटचा कूलर एकाच तारेवर आहेत. एकूण ३००० वॅटला २३० व्होल्टने भागल्यास सुमारे १३ अँपिअर धारा येते. भिंतीतील नळीतून नेलेल्या १.५ चौरस मिलिमीटर तांब्याच्या तारेची क्षमता आंतरराष्ट्रीय तक्त्यानुसार ३० अंशांना १७.५ अँपिअर आहे. ती पुरेशी वाटते. परंतु तापलेल्या छताजवळ ५० अंश धरल्यास ०.७१ या गुणकाने ती १२.४ वर येते. २.५ चौरस मिलिमीटरची तार मात्र २४ वरून १७ अँपिअरवर येते. म्हणून येथे हीच तार आणि १६ अँपिअरचा एमसीबी योग्य ठरतो.

सूत्र असे: भाराची धारा एमसीबीच्या क्षमतेहून अधिक नसावी आणि एमसीबीची क्षमता तारेच्या क्षमतेहून अधिक नसावी. एमसीबी वारंवार पडतो म्हणून मोठा बसविणे, किंवा फ्यूजमध्ये जाड तार घालणे, म्हणजे पहारेकऱ्यालाच झोपविणे होय. मग वितळते ते तारेचे आवरण, आणि आग भिंतीच्या आत लागते.

विद्युत अधिनियम, २००३ च्या कलम ५३ मध्ये सुरक्षिततेच्या तरतुदी आहेत. आयएस ७३२ या भारतीय मानकात वायरिंगची कार्यपद्धती दिली आहे. तारेवर वाचविलेले थोडे पैसे कुटुंबाच्या जिवावर बेतू शकतात, हे मात्र प्रत्येक घराने स्वतःच ओळखावयाचे आहे.