रांगत्या मुलाचे घर



व्याख्यानमालेच्या चालकांची अपेक्षा होती की मी बोनसवर किंवा किमान वेतनावर बोलेन. मी रांगत्या मुलावर बोलणार म्हटल्यावर त्यांना थोडे हसू आले. हा विषय डॉक्टरांचा किंवा बालवाडीच्या बाईंचा, युनियनवाल्याचा नव्हे, असे पुष्कळांना वाटते. मला तो आमचाच वाटतो, आणि का, तेच सांगायला उभा आहे.

या लकडगंजात लाकूड चिरणाऱ्या आऱ्यांचा आवाज आपणा सर्वांच्या कानांत बसलेला आहे. आऱ्यावर एखाद्याचे बोट गेले की पहिले वाक्य ठरलेले असते : "त्याचे लक्ष नव्हते." आमच्या चळवळीने या वाक्याशी जन्मभर भांडण केले. लक्ष नव्हते हे कबूल; पण दहा तास उभ्या असलेल्या माणसाचे लक्ष केव्हातरी ढळणारच, मग पाते उघडे का ठेवले? १९४८ च्या कारखान्यांच्या कायद्याने धोक्याच्या यंत्राला कठडा घालण्याची जबाबदारी मालकावर टाकली, ती माणूस चुकतो हे गृहीत धरूनच. आता घरात या. मूल भाजले, बादलीत पडले, की सारी आळी म्हणते, "आईचे लक्ष नव्हते." वाक्य तेच, फक्त आरोपी बदलला. जिला पाणी भरायचे आहे, चूल पाहायची आहे, विड्या वळायच्या आहेत किंवा चार घरची भांडी घासून यायचे आहे, तिच्या डोळ्यांवर आपण सगळी सुरक्षितता टांगून ठेवतो आणि घरातले उघडे पाते तसेच राहू देतो.

हे आजचे नाही. गिरण्यांच्या काळात मुंबईच्या कामगार बाया कामावर जाताना तान्ह्या मुलाला अफूची बाळगोळी चाटवीत, म्हणजे पाळी सुटेपर्यंत ते निजून राही. १९२९ साली नेमलेल्या व्हिटले आयोगालाही याची दखल घ्यावी लागली. त्या बायांना अडाणी म्हणणारे शहाणे तेव्हाही पुष्कळ होते. मूल ठेवायला जागा नाही आणि पाळी चुकवली तर पगार नाही, तेव्हा तिने काय करावे, हे सांगणारे थोडे.

पुढे १९४८ च्या त्याच कायद्याने पन्नासांहून अधिक बाया असतील तिथे पाळणाघर सक्तीचे केले. १९७६ साली ती संख्या तीसवर आली. तिसाव्या बाईवर भरती थांबवणारे मालक मी पाहिले आहेत. २०१७ साली प्रसूतिलाभाच्या कायद्यात दुरुस्ती होऊन पन्नास कामगार असलेल्या ठिकाणी पाळणाघर आले, आणि या पन्नासांत पुरुषही मोजतात, हे चांगले झाले. पण आऱ्यावर पन्नास माणसे असतात कुठे? घरी बसून विड्या वळणारीला तर घर हाच कारखाना. अंगणवाडीतली बालवाडी तीन वर्षांपुढच्या मुलांची. म्हणजे एक ते तीन या वयाचे, ज्याला पाय फुटले आहेत पण समज फुटलेली नाही, ते मूल कोणाच्याच हिशेबात नाही.

म्हणून घरातल्या कठड्यांकडे वळू. आणि नागपूरच्या उन्हाळ्यात पहिले नाव कूलरचेच घ्यायला हवे. पारा पंचेचाळीसवर जातो, माळ्यावरचा कूलर खाली येतो, नव्या ताट्या बसतात, पाणी भरले जाते. ताट्या बदलतो, पण वायर मागच्या वर्षीचीच, उंदराने कुरतडलेली. पत्र्याचा सांगाडा, आत पाण्यात बुडालेला पंप, खाली ओली फरशी आणि समोर अनवाणी, उघडे मूल, जे गार वाऱ्याकडे हात पुढे करूनच जाते. विजेला याहून सोपी वाट कोणती? विदर्भात उन्हाळ्यात अशा बातम्या वाचाव्या लागतात.

यावर उपाय महाग नाहीत. तीन पिनांचा प्लग लावा, आणि तिसऱ्या पिनेमागे खरोखर अर्थिंग आहे का ते वायरमनकडून तपासून घ्या. पुष्कळ घरांत ते भोक नुसते शोभेचे असते. पाणी भरताना बटण बंद करून भागत नाही, प्लगच काढावा. मीटरपाशी तीस मिलिअँपिअरचा गळती-रोधक स्विच बसवला तर प्रवाह गळताच तो वीज तोडतो. मूल चिकटलेच तर त्याला हात लावू नका. आधी मेन बंद करा, ते जमत नसेल तर कोरड्या दांडक्याने त्याला दूर करा. लकडगंजात कोरड्या लाकडाला तोटा नाही.

दुसरे पाणी. नळाला ठराविक वेळीच पाणी येते तिथे ड्रम-बादल्या भरून ठेवाव्याच लागतात. रांगत्या मुलाचे डोके अंगाच्या मानाने जड. ते बादलीत वाकले की उलटे जाते आणि त्याला सावरता येत नाही. वीतभर पाणीही पुरते, आणि बुडणारे मूल ओरडत नाही. ड्रमला झाकण, त्यावर वजन. रिकामी बादली पालथी. रॉकेल, थिनर, पॉलिश थंड पेयाच्या बाटलीत तर कधीच नको. हे आमच्या सुतार बांधवांना मुद्दाम सांगतो. मूल ते प्यालेच तर उलटी करवू नका, थेट दवाखाना गाठा. भाजल्यावर वीस मिनिटे वाहते साधे पाणी, टूथपेस्ट नव्हे.

राहिला प्रश्न भाडेकरूंचा. अर्थिंग घरमालकाने करायचे की भाडेकरूने, यावर वर्षानुवर्षे वाद चालतात आणि दरम्यान कूलर चालू असतो. माझी सूचना अशी की एकेकट्याने मागू नये. एका वाड्यातल्या सर्व बिऱ्हाडांनी एकत्र अर्ज लिहावा, खाली सह्या कराव्यात आणि मालकाकडून पोच घ्यावी. बायकांच्या सह्या आधी घ्या. दिवसभर त्या घरात कोण असते ते मालकालाही ठाऊक आहे. ज्यांना अर्जाचा मसुदा हवा असेल त्यांनी सभा संपल्यावर थांबावे, मी पन्नास प्रती आणल्या आहेत.