कासेवरील पुटकुळ्या : जंतुनाशकाने धुण्याची योग्य रीत



शांतपणे दूध देणारी गाय किंवा म्हैस एकाएकी लाथ झाडू लागली, तर तिचे मागचे पाय बांधण्यापूर्वी खाली वाकून कास पाहावी. सडांच्या बुडाशी, केसांच्या मुळाजवळ बाजरी-ज्वारीच्या दाण्याएवढ्या पिवळसर, पू भरलेल्या पुटकुळ्या दिसतील. स्टॅफिलोकॉकस जातीच्या जंतूंमुळे केसांची मुळे सुजून हा विकार होतो. ओल्या शेणामुतात बसल्याने आणि कातडी खरचटल्याने तो बळावतो. दूध काढणाराचे हात व कास पुसायचे एकच फडके यांमुळे तो एका जनावरापासून दुसऱ्याला लागतो. दूध काढणाराच्या हातांवरही फोड येऊ शकतात. जंतू सडात शिरले तर दगडी होऊन सड कायमचा निकामी होण्याची भीती असते.

उपाय सोपा आहे, पण क्रम चुकवू नये.

1. पुटकुळ्यांभोवतीचे केस कात्रीने कापावेत. पुटकुळ्या पिळू नयेत.

2. दूध काढून झाल्यावर कोमट पाण्याने शेण व खपल्या धुवाव्यात. शेण राहिले तर औषधाची ताकद तेथेच खर्च होते.

3. 10 टक्के पोव्हिडोन आयोडीनचा 1 भाग व स्वच्छ पाण्याचे 9 भाग असे ताजे द्रावण करून लावावे. ते 5 मिनिटे राहू द्यावे. ओतून लगेच धुतल्यास उपयोग होत नाही. द्रावण जास्त तीव्र केल्यास कातडीची आग होऊ शकते.

4. नंतर साध्या पाण्याने धुऊन स्वच्छ, कोरड्या फडक्याने टिपावे. प्रत्येक जनावराला वेगळे फडके ठेवावे.

हे दिवसातून दोन वेळा करावे. पुढच्या धारेपूर्वी कास पुन्हा धुऊन कोरडी करावी, म्हणजे औषध दुधात उतरणार नाही. बाधित जनावराची धार सर्वांत शेवटी काढावी व हात साबणाने धुवावेत. राख किंवा गाडीचे काळे ऑइल लावू नये.

चार-पाच दिवसांत उतार न पडल्यास, कास गरम व कठीण झाल्यास किंवा दुधात गाठी आल्यास पशुवैद्यकांना दाखवावे. मध्ये खळगा असलेले फोड व ताप ही देवीची, तर अंगभर गाठी व ताप ही लम्पीची लक्षणे असू शकतात. हे विषाणूंचे रोग धुण्याने बरे होत नाहीत. तेव्हा जनावर त्वरित वेगळे बांधावे.

औषधाची बाटली दहा दिवसांत संपेल, पण गोठा कोरडा ठेवण्याचे काम रोजचे आहे. तेवढे सांभाळले तर ही बाटली पुन्हा आणावी लागण्याचे प्रसंग कमी येतील.