बुद्धिबळाचा पट आणि शाळेचा पट

(उचगाव, तालुका करवीर येथे प्राथमिक शिक्षकांच्या मेळाव्यात केलेले भाषण)



बुद्धिबळातील नामवंत खेळाडूंविषयी मी चार शब्द बोलावेत, अशी मला आज्ञा झाली आहे. मी या खेळातील जाणकार नव्हे. खेड्यातील शाळेत चौथीचा वर्ग शिकवीत ज्याची बहुतेक नोकरी सरली, असा मी एक शिक्षक आहे. म्हणून या खेळाडूंनी पटावर कोणत्या चाली केल्या हे सांगण्याच्या भरीस मी पडत नाही. ते घडले कसे, आणि अशा घडणीत आपल्यासारख्यांचा वाटा कोणता, एवढेच मला आपणांपुढे मांडावयाचे आहे.

आपल्याकडे हा खेळ देवळाच्या ओवरीत आणि वाड्याच्या सोप्यात पिढ्यान्‌पिढ्या चालत आला. त्याचे नियम देशी होते. प्यादे पहिल्या खेळीलाही एकच घर सरके. किल्लेकोटाऐवजी राजाला एकदाच घोड्याची अडीच घरांची चाल मिळे. पुढे आंतरराष्ट्रीय नियम रूढ झाले आणि गावोगावचे खेळाडू एका मापाने मोजले जाऊ लागले. १९५५ साली आंध्रातील एलुरू येथे पहिली राष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धा झाली. तीत महाराष्ट्राचे रामचंद्र सप्रे आणि आंध्रचे डी. वेंकय्या हे संयुक्त विजेते ठरले. मुंबईचे प्रवीण ठिपसे १९९७ साली, तर पुण्याचे अभिजित कुंटे २००० साली ग्रँडमास्टर झाले. नाशिकच्या विदित गुजराथी याने २०२३ साली ग्रँड स्विस ही मोठी स्पर्धा जिंकली आणि जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरविणाऱ्या स्पर्धेत स्थान मिळविले. ही यादी कितीही लांबविता येईल. परंतु मला आपले लक्ष वेधावयाचे आहे ते येथून पन्नास किलोमीटरच्या आसपास असलेल्या एका गावाकडे.

ते गाव म्हणजे सांगली. तेथे १९४१ साली नूतन बुद्धिबळ मंडळ स्थापन झाले आणि भाऊसाहेब पडसलगीकर यांनी त्याला आपले आयुष्य वाहिले. भाऊसाहेबांचे नाव निघते ते त्यांच्या शिष्यांमुळे. वर्षानुवर्षे स्पर्धा भरविणे आणि येईल त्या मुलाला व मुलीला पटापुढे बसविणे, हे त्यांचे व्रत होते. त्यांच्या हाताखाली शिकलेल्या भाग्यश्री साठे, म्हणजेच पुढच्या भाग्यश्री ठिपसे, यांनी महिलांचे राष्ट्रीय अजिंक्यपद पाच वेळा मिळविले, १९९१ साली आशियाई अजिंक्यपदही जिंकले आणि त्यांना ‘पद्मश्री’ लाभली. त्यांच्यानंतरच्या पिढीतील स्वाती घाटे याही त्याच परंपरेतल्या. जिल्ह्याच्या गावी राहून, एका माणसाच्या चिकाटीने केवढे काम उभे राहते, याचा दाखला आपल्या इतक्या जवळ आहे.

दुसरा दाखला एका घराचा आहे. नाटककार कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर हे मूळचे सांगलीचे. त्यांचे नातू आणि ‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या मुंबईच्या घरी वासंती, जयश्री आणि रोहिणी अशा तीन मुली बुद्धिबळ शिकल्या. १९७४ साली महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा वासंती यांनी जिंकली आणि पुढील दशकभर ते पद या भगिनींनी बाहेर जाऊ दिले नाही. जयश्री या १९७९ साली भारतातील पहिल्या महिला आंतरराष्ट्रीय मास्टर झाल्या. धाकट्या रोहिणी तेराव्या वर्षी राष्ट्रीय विजेत्या झाल्या. ते पद त्यांनी एकूण पाच वेळा मिळविले. १९८१ साली हैदराबादच्या आशियाई स्पर्धेत तर त्यांनी बारांपैकी साडेअकरा गुण मिळविले.

तथापि रोहिणी यांची सर्वांत अवघड लढत पटाबाहेरची होती. १९७६ साली त्या पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळावयास उतरल्या आणि गदारोळ उठला. मुलीने पुरुषांत का खेळावे? प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले आणि निकाल त्यांच्या बाजूने लागला. जागतिक महासंघाचे अध्यक्ष डॉ. मॅक्स युवे यांनीही राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धांत स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही, असा निर्णय दिला. हे युवे स्वतः १९३५ साली जगज्जेते झालेले; आणि आपणांस अभिमान वाटावा अशी गोष्ट म्हणजे, पेशाने ते गणिताचे शिक्षक होते. ॲमस्टरडॅमच्या मुलींच्या शाळेत त्यांनी गणित शिकविले होते. दार उघडणारा माणूस शिक्षक निघावा, यात मला नवल वाटत नाही.

त्या उघडलेल्या दारातून पुढे किती जणी गेल्या ते आपण पाहिलेच आहे. २८ जुलै २०२५ रोजी जॉर्जियातील बातुमी येथे नागपूरच्या दिव्या देशमुख हिने महिलांचा विश्वचषक जिंकला. वय एकोणीस. अंतिम लढतीत समोर कोनेरू हंपी यांच्यासारखी अनुभवी खेळाडू. पहिले दोन डाव बरोबरीत सुटले आणि जलद डावांत दिव्याने बाजी मारली. स्पर्धेस निघाली तेव्हा ग्रँडमास्टर किताबासाठी लागणारा एकही टप्पा तिने पुरा केलेला नव्हता. परतली ती भारताची अठ्ठ्याऐंशीवी ग्रँडमास्टर होऊन. परंतु त्याआधी दीडच वर्षापूर्वी, जानेवारी २०२४ मध्ये, नेदरलँड्समधील स्पर्धेनंतर तिला जाहीरपणे लिहावे लागले होते की, प्रेक्षक आपला खेळ पाहण्याऐवजी आपले कपडे आणि केस यांचीच चर्चा करतात. म्हणजे दार उघडले तरी उंबरठा अजून झिजलेला नाही.

बंधुभगिनींनो, हे मी दुसऱ्यांना दोष देण्यासाठी सांगत नाही. दोष माझ्या पदरी आहे. पुष्कळ वर्षांपूर्वी माझ्या वर्गात एक मुलगी होती. मधल्या सुट्टीत मुलांनी मांडलेला डाव पाहून पाहून ती खेळ शिकली आणि दिवाळीपर्यंत वर्गातल्या एकूण एक मुलांना हरवू लागली. तालुक्याला स्पर्धा निघाली तेव्हा मी दोन मुलांची नावे धाडली. ते दोघेही तिच्याकडून हरलेले होते, हे मला ठाऊक होते. एकट्या मुलीला एस. टी.ने नेणार कोण, घरचे काय म्हणतील, असा विचार मी केला. तिच्या घरी मात्र मी एकदाही विचारले नाही. ती काही बोलली नाही. दुसऱ्या दिवसापासून मधल्या सुट्टीत ती पटापाशी आली नाही, एवढेच. आज ती कोठे आहे मला माहीत नाही. ती मोठी खेळाडू झाली असती, असेही मी म्हणत नाही. पण ते ठरविण्याचा अधिकार माझा नव्हता. बातुमीची वार्ता ऐकली त्या सायंकाळी मला तिची आठवण झाली.

म्हणून दोन-तीन सूचना करून मी आपली रजा घेतो. पट विकतच आणावा लागतो असे नाही. पुठ्ठ्यावर चौसष्ट घरे आखावीत. प्रत्येकाच्या उजव्या हाताकडील कोपऱ्याचे घर पांढरे आले म्हणजे मांडणी बरोबर. बाटल्यांच्या बुचांवर रा, व, ह, उं, घो, प्या अशी अक्षरे लिहिली की सोंगट्या तयार. उभ्या रांगांना अक्षरे आणि आडव्यांना अंक देऊन मुलांकडून प्रत्येक खेळी लिहून घ्यावी. नकाशातील स्थान शोधण्याचा अभ्यास आपोआप होतो. बुद्धिबळाने सर्व विषय सुधारतात, अशी ग्वाही मी देणार नाही. परंतु हात लागलेली सोंगटी चालविलीच पाहिजे, आणि हरल्यावर प्रतिस्पर्ध्याशी हस्तांदोलन केले पाहिजे, हे दोन संस्कार लहान नव्हेत.

शेवटची सूचना मला सर्वांत महत्त्वाची वाटते. वर्गातील डावांचे निकाल एका वहीत लिहावेत आणि क्रमवारी भिंतीवर लावावी. स्पर्धेला नाव जाईल ते त्या क्रमवारीतून, वरून खाली. नाव मुलीचे असल्यास तिच्या घरी आपण स्वतः जावे. घरच्यांनी नकार दिलाच तर तो त्यांचा असेल. आपण त्यांच्या वतीने आधीच नकार देऊ नये.

आपण रोज सकाळी शाळेच्या पटावरील नावे वाचतो. त्यांतील एखादे नाव बुद्धिबळाच्या पटावरही चमकेल की नाही, हे कोणीच सांगू शकत नाही. ते नाव आपल्या हातून खोडले जाऊ नये, एवढी काळजी मात्र आपण घेऊ शकतो.