राम रेखाटण्याआधी विचारणारा निर्माता



 मुंबईतल्या या अ‍ॅनिमेशनकारांच्या संमेलनाचा पहिला दिवस आम्ही स्वागत समितीने जपानी निर्माते युगो साको यांच्या स्मृतीला वाहिला आहे.

साको मूळचे माहितीपटकार. १९८३ मध्ये पुरातत्त्वज्ञ बी. बी. लाल यांच्या उत्खननावर माहितीपट करण्यासाठी ते उत्तर प्रदेशात आले आणि तिथे त्यांना रामकथा भेटली. मग जपानीतली दहा रामायणे त्यांनी वाचून काढली. राम देव आहे, त्याला नटाचा चेहरा देण्यापेक्षा तो रेखाटावा, असे त्यांच्या मनाने घेतले.

वाट सोपी नव्हती. परदेशी माणसाने रामायणाला हात का घालावा, म्हणून निषेध झाला. नाजूक विषय कार्टूनमध्ये नको, म्हणून भारत सरकारची सहनिर्मितीही मिळाली नाही. जपानमध्ये अ‍ॅनिमेशन ही गंभीर कला मानली जाते, हे साको शांतपणे समजावत राहिले आणि अखेर जपानमध्येच त्यांनी रामायणावरचा अ‍ॅनिमेशनपट उभा केला.

पण एकट्याने नव्हे. दिग्दर्शनात कोइची सासाकींच्या जोडीला आपल्या मुंबईचे अ‍ॅनिमेशनकार राम मोहन होते. संगीत वनराज भाटियांचे, संस्कृत गीते वसंत देवांची. धोतर कसे नेसतात, चालीरीती कशा, हे जपानी चित्रकारांनी भारतीय सहकाऱ्यांकडून समजून घेतले. सुमारे ४५० कलावंत, हाताने रेखाटलेली जवळपास एक लाख सेल-चित्रे! अ‍ॅनिमेशनमध्ये ज्यांनी एक सेकंद जरी रेखाटला असेल, त्यांना या आकड्यामागची पाठदुखी कळेल.

‘रामायण: द लिजेंड ऑफ प्रिन्स राम’ हा त्यांचा चित्रपट १९९३ च्या सुमारास प्रेक्षकांपुढे आला, पण आपल्याकडे चित्रपटगृहांत त्याला मोठे स्वागत लाभले नाही. टीव्हीवर पाहून एक पिढी त्याच्या प्रेमात पडली. जानेवारी २०२५ मध्ये तो देशभर मोठ्या पडद्यावर झळकला, तेव्हा साकोंना जाऊन तेरा वर्षे होत आली होती.

निर्माता म्हणजे पैसा उभा करणारा, एवढेच आपण धरून चालतो. साकोंनी माणसे उभी केली. जे ठाऊक नाही ते ठाऊक असलेल्याला विचारावे, ही त्यांची रीत या मांडवातही चालू राहो. ज्येष्ठांनी हातचे राखू नये, नवोदितांनी विचारायला संकोचू नये.